भिंगरी आणि धुक्यातली टिण टिण

या, मला चिकटून बसा. हात द्या इकडे. गोष्ट धुक्यातली आहे, हात धरावा लागेल.

एक होतं कोकरू.
त्याचं नाव भिंगरी.
इवलंसं नाक. इवलेसे खूर. शेपूट तर बोटाएवढी.
भिंगरी चालायची टुपुक टुपुक. थांबली, की स्वतःभोवती गोल गोल फिरायची. म्हणून नाव भिंगरी.

भिंगरीच्या आईचं नाव काजळी. पांढरी पांढरी मेंढी. डोळ्यांभोवती काळं काळं काजळ.

काजळी आणि भिंगरी धनगराच्या कळपात राहायच्या. कळप मोठा. मेंढ्याच मेंढ्या, कोकरंच कोकरं. कळपाची धनीण होती सगुणा. तिचा नवरा मायाप्पा.

पाऊस संपला, की सगळे निघायचे. डोंगर चढायचा. रान ओलांडायचं. घाट उतरायचा. पलीकडे हिरवा हिरवा चारा.

निघायच्या दिवशी सगुणाने काय केलं?
प्रत्येक कोकराच्या गळ्यात घंटा बांधली.
भिंगरीची घंटा सगळ्यांत लहान. बोराएवढी. वाजायची कशी? टिण टिण टिण!

मायाप्पा म्हणाला, "एवढ्या घंटा कशाला गं?"
सगुणा म्हणाली, "रानात धुकं उतरतं. डोळ्यांना दिसत न्हाई. पण कानांना ऐकू येतं."

मग सगुणा भिंगरीजवळ बसली. तिचा कान हळूच धरला.
"ध्यान दे, भिंगरे. वाट चुकलीस, तर पळायचं न्हाई. मोठा खडक बघायचा. खडकापाशी थांबायचं. घंटा वाजवायची तीनदा. मग कान द्यायचा. परत वाजवायची तीनदा. आम्ही येतोच."

भिंगरी म्हणाली, "ब्यां."
म्हणजे, कळलं.

कळप निघाला. पुढे मायाप्पा. मागे सगुणा. मधे मेंढ्या, खडबड खडबड. मेंढ्यांच्या मधे कोकरं, टिण टिण टिण.

वाटेत होती करवंदीची जाळी.
जाळीत होता काटा.
काट्याने धरली घंटेची दोरी.
भिंगरीने मान ओढली. दोरी सुटेना.
पुन्हा ओढली. दोरी सुटेना.
खूप जोरात ओढली. कट्!
दोरी तुटली. घंटा पडली. टिण... टिण... टिण... घरंगळत गेली. आणि एका बिळात शिरली. गुडुप!

"ब्यां! माझी घंटा!"

भिंगरी घंटेमागे धावली. बिळात डोकावली. काळं काळं. काही दिसेना.
तिने मान वर केली.
तर काय?
धुकंच धुकं! पुढे पांढरं, मागे पांढरं. मेंढ्या नाहीत. मायाप्पा नाही. सगुणा नाही. आणि आई? आईसुद्धा नाही.

"ब्यां! ब्यां!" भिंगरी ओरडली.
पण तिकडे कळपात सगळीच कोकरं ओरडत होती. ब्यां इकडे, ब्यां तिकडे. भिंगरीची ब्यां कुणाला कळणार?

पाय म्हणाले, पळ, पळ, पळ!
इतक्यात तिला सगुणाचं बोलणं आठवलं. पळायचं न्हाई. मोठा खडक बघायचा.
भिंगरीने पाहिलं. बिळाच्या वरच होता एक काळा खडक. मोठा. किती मोठा? हत्तीएवढा!
भिंगरी खडकाला टेकून उभी राहिली. खडक गार होता. पण खडक होता.
आता घंटा वाजवायची तीनदा.
पण घंटा कुठे आहे?

घंटा नाही, टिण टिण नाही.
टिण टिण नाही, तर आई येईना!

भिंगरीने बिळात तोंड घातलं. "कुणी आहे का?"
"मी आहे. खेकडा." आतून आवाज आला, बारीक बारीक.
"खेकडेदादा, खेकडेदादा, माझी घंटा दे ना!"
खेकडा म्हणाला, "देईन गं, देईन. पण आधी मला पाणी आण. माझं जुनं कवच गळलं. नवं कवच आलं. ते आहे मऊ मऊ. कोरड्यात हललो, तर दुखतं."
"फार दुखतं?"
"फार."
"मग तू हलू नकोस. मी आणते पाणी."

पण खडक सोडून जायचं कसं?
भिंगरीने विचार केला. मग ठरवलं. खडक दिसेल तिथपर्यंतच जायचं. खडक दिसेना झाला, की थांबायचं.

निघाली भिंगरी. टुपुक टुपुक, टुपुक टुपुक.
मागे वळून पाहिलं.
खडक दिसतोय? दिसतोय. म्हशीएवढा.
मग पुढे.

तिथे होता ओहोळ. पण वाहत नव्हता. नुसता करत होता बुडुक... बुडुक...
"ओहोळभाऊ, ओहोळभाऊ, पाणी सोड ना!"
"कशाला गं पाणी?"

भिंगरी म्हणाली,
"खेकडा घंटा देईना.
घंटा नाही, टिण टिण नाही.
टिण टिण नाही, तर आई येईना!"

ओहोळ म्हणाला, "सोडीन गं, सोडीन. पण आधी ही पानं काढ. बघ किती साचली आहेत. माझा गळाच दाटलाय. बुडुक... बुडुक..."
भिंगरीने पायाने पानं ढकलली. एक पान निघालं. पाच पानं आली. खूर इवलासा, ढीग मोठा.
"मला नाही जमत, ओहोळभाऊ."
"रानकोंबडीला जमतं. तिचे पाय उकरायलाच केलेले."

निघाली भिंगरी. टुपुक टुपुक, टुपुक टुपुक.
मागे वळून पाहिलं.
खडक दिसतोय? दिसतोय. वासराएवढा.
मग पुढे.

झुडपाखाली बसली होती रानकोंबडी. पंख पसरून, डोळे मिटून.
"कोंबडीताई, कोंबडीताई, पानं उकर ना!"
"हळू बोल गं. अंडी झोपलीत. कशाला उकरू पानं?"

भिंगरी हळूच म्हणाली,
"ओहोळ पाणी सोडीना.
खेकडा घंटा देईना.
घंटा नाही, टिण टिण नाही.
टिण टिण नाही, तर आई येईना!"

आई म्हटल्यावर रानकोंबडीने डोळे उघडले.
"अगं बाई! उकरीन गं, उकरीन. पण आधी मला उंबरं आण. कधीची बसलेय अंड्यांवर. पोटात काही नाही. उभी राहिले, तर पाय लटलट करतात."
"तू बस, ताई. मी आणते उंबरं."

निघाली भिंगरी. टुपुक टुपुक, टुपुक टुपुक.
मागे वळून पाहिलं.
खडक दिसतोय? दिसतोय. बोकडाएवढा.
मग पुढे.

तिथे होतं उंबराचं झाड. म्हातारं म्हातारं. अंगभर गाठी. फांद्यांवर लाल लाल उंबरं. पण सगळी उंच, उंच, उंच!
"उंबरआबा, उंबरआबा, फळं टाका ना!"
"आँ? काय म्हणतेस? मोठ्याने बोल. म्हातारा आहे मी."

भिंगरी मोठ्याने म्हणाली,
"कोंबडी पानं उकरीना.
ओहोळ पाणी सोडीना.
खेकडा घंटा देईना.
घंटा नाही, टिण टिण नाही.
टिण टिण नाही, तर आई येईना!"

"अरेरे!" उंबरआबा म्हणाले. "टाकीन गं, टाकीन. पण फांदी हलली तर फळं पडतील. आणि मला हलता येत नाही, वाकता येत नाही. मला गुडघेच नाहीत!"
भिंगरीने झाडाला डोकं लावलं. ढुश्श! झाड हललं नाही. भिंगरीच खाली बसली. धप्प!
"लागलं का गं?"
"थोडंसं."
"शेकरूला बोलाव. तो फांदीवर नाचतो. मग बघ कशी पडतात फळं."

तेवढ्यात धुक्यातून हाक आली.
"भिंगरेऽऽऽ!"
मायाप्पाचा आवाज!
भिंगरीने कान टवकारले. आवाज कुठून आला? इकडून?
"भिंगरेऽऽऽ!"
की तिकडून?
धुक्यात आवाज गोल गोल फिरत होता. कधी इथे, कधी तिथे. भिंगरीचे पाय पुन्हा म्हणाले, पळ, पळ, पळ!
पण कुठे पळायचं? एका बाजूला वाट होती. एका बाजूला कडा होता. धुक्यात दोन्ही सारखेच पांढरे.
भिंगरी पळाली नाही. तिचे डोळे मात्र भरून आले.

आणि तिकडे? तिकडे काय चाललं होतं?
तिकडे काजळी मेंढी थांबून राहिली होती. पुढे जाईना, चारा खाईना.
मायाप्पा म्हणाला, "सगुणे, ओरडून ओरडून घसा बसला. धुकं वाढतंय. बाकीची मेंढरं खाली न्यायला पाहिजेत. न्हाई तर तीबी चुकतील."
सगुणा म्हणाली, "थोडं थांब. माझं लेकरू वाजवंल घंटा. शिकवलंय मी तिला."
"घंटा वाजवती, तर आत्तापातूर वाजली असती."
सगुणाने डोक्यावरचा लाल पटका काढला नि उंच काठीला बांधला. काठी वर धरली. कुणाला दिसला, तर दिसला.
"थोडं थांब," ती पुन्हा म्हणाली.

इकडे भिंगरीने डोळे पुसले. कशाला? उंबराच्या खोडाला!
निघाली भिंगरी. टुपुक टुपुक, टुपुक टुपुक.
मागे वळून पाहिलं.
खडक दिसतोय?
दिसतोय. सशाएवढा.
मग पुढे.

उंबराच्या शेजारी होतं आंब्याचं झाड. आंब्याच्या फांदीवर बसला होता शेकरू. केवढी ती शेपूट! झुपकेदार, तपकिरी. पण शेकरूने शेपूट पोटाशी घट्ट धरली होती.
"शेकरूमामा, शेकरूमामा, उंबराची फांदी हलव ना!"
"क-क-कशाला गं?"

भिंगरी म्हणाली,
"उंबर फळं टाकीना.
कोंबडी पानं उकरीना.
ओहोळ पाणी सोडीना.
खेकडा घंटा देईना.
घंटा नाही, टिण टिण नाही.
टिण टिण नाही, तर आई येईना!"

शेकरू म्हणाला, "हलवीन गं, हलवीन. पण आधी हे धुकं बाजूला कर. मला उंबराची फांदी दिसत नाही. उडी मारली आणि फांदी नसली, तर?"
"मामा, तुला भीती वाटते?"
"वाटते."
"मलाही वाटते," भिंगरी म्हणाली.
आणि ती फांदीखाली, आंब्याला टेकून बसली. एकट्याने भ्यायचं त्यापेक्षा दोघं मिळून भ्याली, तर थोडं बरं वाटतं.
मग शेकरू म्हणाला, "धुकं कोण हलवतं, माहीत आहे? वारा. वारोबा खिंडीत झोपतो. ती बघ, तिकडे."

निघाली भिंगरी. टुपुक टुपुक, टुपुक टुपुक.
मागे वळून पाहिलं.
खडक दिसतोय?
...
नाही!
खडक कुठे गेला? खडकच दिसेना!

भिंगरीचं इवलंसं काळीज धडधड धडधड.
खिंड पुढे होती. वारा पुढे होता. आणखी थोडं गेलं, तर?
नाही. खडक दिसेना झाला, की थांबायचं. ठरवलं होतं ना?
भिंगरी एक पाऊल मागे आली. टुपुक.
पुन्हा पाहिलं. खडक दिसतोय?
दिसतोय! उंदराएवढा. पण दिसतोय.

भिंगरी तिथेच थांबली. चारही पाय घट्ट रोवले. मान वर केली. आणि जोरात हाक मारली, तीनदा.
"ब्यां! ब्यां! ब्यां!"
मग कान दिला.
काही नाही.
पुन्हा तीनदा.
"ब्यां! ब्यां! ब्यां!"
कान दिला.
खिंडीत काहीतरी हललं. सूंऽऽऽ...
पुन्हा तीनदा.
"ब्यां! ब्यां! ब्यां!"

"आलो, आलो, आलो!" वारा उठला. सूंऽऽऽ सूंऽऽऽ करत भिंगरीपाशी आला. तिची लोकर विस्कटली. कान उडाले.
"तीनदा हाक कुणी मारली?"
"मी मारली, वारोबा. धुकं हलवा ना!"

आणि भिंगरी एका दमात म्हणाली,
"शेकरू फांदी हलवीना.
उंबर फळं टाकीना.
कोंबडी पानं उकरीना.
ओहोळ पाणी सोडीना.
खेकडा घंटा देईना.
घंटा नाही, टिण टिण नाही.
टिण टिण नाही, तर आई येईना!"

भिंगरी थांबली. आता वारा काय म्हणणार? पण आधी हे आण? पण आधी ते आण?
तिने हळूच विचारलं, "वारोबा, तुम्हाला आधी काय आणू?"
वारा म्हणाला, "मला? काही नको."
"काहीच नको?"
"अगं, कुणी तीनदा हाक मारली, की आधी यायचं. बाकीचं मग. चल!"

आणि वाऱ्याने गाल फुगवले. फूऽऽऽऽऽ!
धुकं हललं. धुक्याला पडली एक खिडकी.
खिडकीतून शेकरूला दिसली उंबराची फांदी.
शेकरूने शेपूट सोडली. डोळे मोठे केले. एक... दोन... झुप्प! मारली उडी!
फांदी हलली. गदगद गदगद!
उंबराने टाकली फळं. टप टप टप टप!
भिंगरीने उंबरं तोंडात धरली. टुपुक टुपुक, टुपुक टुपुक, नेऊन दिली कोंबडीताईला.
कोंबडीने खाल्ली उंबरं. मट्ट मट्ट मट्ट! पाय झाले घट्ट.
"माझ्या अंड्यांवर लक्ष ठेव हं."
"ठेवते, ताई."
कोंबडी गेली ओहोळापाशी आणि उकरली पानं. खरड खरड, खरड खरड! पानं उडाली इकडे. पानं उडाली तिकडे.
ओहोळाचा गळा मोकळा झाला. खळखळ खळखळ खळखळ! पाणी निघालं, पाणी धावलं, पाणी खडकापाशी आलं, पाणी बिळात शिरलं.
"आहाहा!" खेकडा म्हणाला. "गार गार!"

कोंबडी परत आली, अंड्यांवर बसली. मग भिंगरी धावत सुटली. कुठे? खडकाकडे! खडक झाला बोकडाएवढा. खडक झाला वासराएवढा, म्हशीएवढा, हत्तीएवढा!

बिळाच्या तोंडाशी खेकडा आला. तिरका तिरका, तुरुतुरु. त्याच्या नांगीत काय होतं?
घंटा!
"घे गं बाई तुझी घंटा. आता दुखत नाही मला."

पण वाऱ्याची फुंकर संपली. धुक्याची खिडकी मिटली. पुन्हा पांढरं, पुन्हा पांढरं. आता तर उजेडही मावळायला लागला.
आणि दोरी तर तुटलेली! घंटा गळ्यात बांधायची कशी?
भिंगरीने तुटकी दोरी दातांत धरली. खडकाला टेकून उभी राहिली. आणि मान हलवली.
टिण टिण टिण!
कान दिला.
काही नाही.

तिकडे मायाप्पाने मेंढ्या वळवल्या होत्या. "चला, चला, खाली चला. हर्रर्र!" मेंढ्या चालू लागल्या. खडबड खडबड. काजळी तेवढी हलेना. सगुणा काठी धरून उभी.

टिण टिण टिण!
"थांबा!" सगुणा ओरडली.
"काय झालं?"
"मेंढरं थांबव. सगळी थांबव. कान दे."
मायाप्पाने मेंढ्या थांबवल्या. खडबड थांबली. सगळं रान गप्प झालं.
वाऱ्याने थोडासा श्वास सोडला. फू...
आणि वाऱ्यावर बसून आली, बारीक बारीक,
टिण टिण टिण!

"आपलीच!" मायाप्पा म्हणाला. "तीनदा वाजली!"
सगुणा म्हणाली, "म्हटलं न्हवतं? माझं लेकरू वाजवंल म्हणून?"
मायाप्पाने तोंडाला हात लावून आरोळी दिली. एकच. लांबच लांब. "हुऽऽऽऽऽई!"

खडकापाशी भिंगरीने ती ऐकली. पाय म्हणाले, पळ! पण भिंगरी पायांना म्हणाली, नाही. ते येतील. आपण थांबायचं. आपण वाजवायचं.
टिण टिण टिण!
"हुऽऽऽऽई!" थोडं जवळून.
टिण टिण टिण!
"हुऽऽई!" अगदी जवळून.
भिंगरीची मान दुखली. दात दुखले. पण ती वाजवतच राहिली.
टिण टिण टिण!

धुक्यात काहीतरी लाल दिसलं. लाल लाल, हलतंय, हलतंय.
सगुणाचा पटका!
पटक्याखाली काठी. काठीखाली सगुणा. सगुणाच्या पुढे कोण धावतंय? पांढरं पांढरं, डोळ्यांत काजळ?
"ब्यांऽऽऽ!"
भिंगरीच्या तोंडातून घंटा पडली. कारण तोंडाला आता दुसरं काम होतं.
"ब्यांऽऽऽ! आईऽऽऽ!"

काजळीने भिंगरीला हुंगलं. नाक हुंगलं, कान हुंगले, शेपूट हुंगली. सगळी भिंगरी जागच्या जागी होती. काजळीने तिला चाटलं. एकदा, दोनदा, पुन्हा पुन्हा.
भिंगरी आईच्या पोटाशी शिरली आणि दूध प्यायली. चुटूक चुटूक, चुटूक चुटूक. बोटाएवढी शेपूट वळवळ वळवळ.

मायाप्पा खडकावर बसला. त्याने इकडे पाहिलं, तिकडे पाहिलं.
"सगुणे, हा ओहोळ मघाशी कोरडा होता ना गं? आणि ही कोंबडी कशी फुगून बसलीय बघ."
"बसू दे तिला. अंडी असतील. तू हळू बोल."
मायाप्पा हळू बोलला. "आणि घंटा तोंडात धरून वाजवली! एवढंसं पोर, पण डोकं बघ."
"डोकं तिचं," सगुणा म्हणाली. "पण दोरी माझी. कच्ची बांधली होती मीच. चुकलंच माझं."

सगुणाने लोकर घेतली आणि जाड जाड दोरी वळली. तिने घंटा धुतली आणि भिंगरीच्या गळ्यात बांधली. एक गाठ मारली, दुसरी गाठ मारली. गाठ ओढून पाहिली. घट्ट!
"आता बघू."
भिंगरीने मान हलवली. टिण टिण टिण!
मग भिंगरी गोल गोल फिरली, फिरली, फिरली आणि सगुणाच्या मांडीवर पडली. धप्प!
सगुणाने तिला उचललं आणि खांद्यावर घेतलं. काजळी चालली शेजारून, कळप मागून. घाटाची वाट लागली, मुक्कामाच्या तळावर मायाप्पाने शेकोटी पेटवली, आणि भिंगरीला खांद्यावरच झोप लागली.

भिंगरी पोचली आईपाशी,
कळप पोचला तळापाशी,
आणि गोष्ट पोचली तुमच्यापाशी.